अंगठ्याचा सांधा आणि कंडरा : शस्त्रक्रियेविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

खेड्यांतून येणाऱ्या रुग्णांचे अंगठे तपासताना एक गोष्ट मला सतत खटकत आली आहे. विळ्याने अंगठा कापला की वरची कातडी शिवून घेतात आणि अंगठ्याचे पेर वाकत नाही हे लक्षात येऊनही सोयाबीन घरी येईपर्यंत थांबतात. उलट अंगठ्याच्या बुडाशी सांधा झिजून दुखू लागला, की पहिल्याच भेटीत ‘ऑपरेशन करून टाका’ म्हणतात. वास्तविक तुटलेल्या कंडरेजवळ, म्हणजे स्नायूला हाडाशी जोडणाऱ्या दोरीजवळ, वेळ नसतो आणि झिजलेल्या सांध्याजवळ तो भरपूर असतो. पुढच्या उत्तरांत हा फरक जागोजागी येईल, कारण निर्णय पुष्कळदा त्यावरच अवलंबून असतो.

‘अंगठ्याची नस कापली’ असे सांगतात, तेव्हा नेमके काय कापलेले असते?

आपल्याकडे ‘नस’ हा शब्द तीन वेगवेगळ्या गोष्टींसाठी वापरला जातो. रक्त वाहून नेणारी रक्तवाहिनी, स्पर्शाची जाणीव पोहोचवणारा मज्जातंतू आणि स्नायूची ओढ हाडापर्यंत नेणारी पांढरी, दोरीसारखी कंडरा, या तिघींनाही नसच म्हणतात. रक्तवाहिनी कापली तर रक्त येते आणि दाबून धरल्यावर बहुधा थांबते, म्हणून ‘रक्त थांबले, आता काळजी नाही’ असा समज होतो. मज्जातंतू आणि कंडरा मात्र गाजावाजा न करता तुटतात.

परीक्षा घरीही करता येते. अंगठ्याचे खालचे पेर दुसऱ्या हाताने स्थिर धरावे आणि फक्त नखाचे पेर वाकवून पाहावे. नखाचे पेर वाकवणारी कंडरा एकच आहे आणि तिचा स्नायू कोपराखाली, हातात असतो. ते पेर अजिबात वाकत नसेल तर ती कंडरा तुटली असण्याची दाट शक्यता धरावी. अंगठ्याच्या पोटाला एका बाजूने किंवा दोन्ही बाजूंनी बधिरपणा असेल तर मज्जातंतूही कापला गेला असावा. दवाखान्यात गेल्यावर ‘टाके किती पडले’ याऐवजी ‘कंडरा आणि मज्जातंतू शाबूत आहेत का’ असे विचारावे.

कंडरा कापल्यानंतर शस्त्रक्रिया किती दिवसांत व्हावी?

पहिल्या आठवड्यात झाली तर उत्तम, दोन आठवड्यांपर्यंत बहुधा चांगली होते. त्यानंतर दर आठवड्यागणिक काम अवघड होत जाते. ताणलेली दोरी कापली की तिचे टोक मागे सरकते, तसे स्नायूकडचे टोक अंगठ्यातून तळहाताच्या मांसल भागात आणि कधी थेट मनगटापर्यंत मागे जाते. तीन-चार आठवड्यांत स्नायू त्या आखूड स्थितीतच आवळतो आणि कंडरेचा रिकामा मार्ग बुजू लागतो. मग दोन्ही टोके ओढून जुळवली तरी अंगठा कायमचा वाकलेला राहतो.

येथे एक दिलासा आहे, तो प्राथमिक आरोग्य केंद्रात काम करणाऱ्यांनीही लक्षात ठेवावा. कंडरा त्याच रात्री जोडलीच पाहिजे असे नाही. जखम भरपूर स्वच्छ पाण्याने धुऊन, धनुर्वाताचे इंजेक्शन देऊन, कातडी सैलसर शिवून, अंगठ्याला आधाराची पट्टी बांधून रुग्णाला दोन-चार दिवसांत हाताची शस्त्रक्रिया करणाऱ्या केंद्रात पाठवले, तरी निकाल चांगला येतो. कातडी शिवण्यात चूक काही नाही. चूक होते ती तेवढ्यावर उपचार संपला असे समजण्यात. जखमेत हळद, चुना, तंबाखू किंवा माती भरू नये. स्वच्छ कापडाने दाबून हात छातीच्या वर धरावा.

थ्रेशरमध्ये किंवा कडबा कापण्याच्या यंत्रात अंगठा पूर्ण तुटला, तर गोष्ट दिवसांची नसून तासांची असते. तुटलेला भाग स्वच्छ ओल्या कापडात गुंडाळून प्लास्टिकच्या पिशवीत बंद करावा, ती पिशवी बर्फ घातलेल्या पाण्यात ठेवावी आणि लगेच निघावे. तो भाग थेट बर्फावर ठेवला तर पेशी गोठून मरतात.

गावात कातडी शिवली होती. आता दोन महिने झाले आणि नखाचे पेर वाकत नाही. काही उपाय उरला आहे का?

उरला आहे, पण तो सरळ जोडणीचा नाही. येथे तीन वाटा आहेत. पहिली म्हणजे करंगळीशेजारच्या बोटाला वाकवणाऱ्या दोन कंडरांपैकी एक अंगठ्याकडे वळवून बसवणे. एक कंडरा दिली तरी दुसरी असल्यामुळे ते बोट काम करत राहते, मात्र मूठ किंचित कमजोर होऊ शकते. दुसरी वाट दोन टप्प्यांची आहे. आधी बुजलेल्या मार्गात सिलिकॉनची काडी ठेवून तिच्याभोवती नवे गुळगुळीत वेष्टन तयार होऊ द्यायचे आणि सुमारे तीन महिन्यांनी काडी काढून तिच्या जागी शरीरातीलच दुसरी कंडरा घालायची. तिसऱ्या वाटेत नखाजवळचा सांधा किंचित वाकवून कायमचा जोडून टाकतात.

ही तिसरी वाट ऐकून रुग्ण नाराज होतात. तरीही साठीच्या पुढच्या, वारंवार व्यायामासाठी येऊ न शकणाऱ्या माणसाला मी तीच सुचवतो, कारण चिमटीत वस्तू घट्ट धरण्यासाठी वाकणाऱ्या पेरापेक्षा स्थिर पेर पुष्कळदा जास्त उपयोगी पडते. अंगठ्याच्या खालच्या दोन सांध्यांची हालचाल शाबूत राहत असल्याने नुकसान वाटते तेवढे होत नाही.

कंडरा जोडल्यावर हाताला किती दिवस पट्टी असते?

साधारण सहा आठवडे. मनगट आणि अंगठा किंचित वाकलेले राहतील अशी पट्टी हाताच्या मागच्या बाजूला असते. तिच्या आत, पहिल्या काही दिवसांतच, फिजिओथेरपिस्टने शिकवलेली हलकी हालचाल सुरू होते. अंगठा अजिबात हलवला नाही तर कंडरा आजूबाजूला चिकटते आणि जोर लावला तर जोड सुटतो. या दोन्हींच्या मधल्या अरुंद वाटेने सहा आठवडे काढायचे असतात. जोर लागणारे काम, म्हणजे बादली उचलणे, विळा चालवणे, दूध काढणे, हे बारा आठवड्यांच्या आधी करू नये.

मनापासून सांगतो, जोड सुटल्याच्या प्रसंगांत ‘एक दिवस पट्टी काढून म्हशीची धार काढली’, ‘लग्न होते म्हणून काढली’ अशीच कारणे पुढे येतात. शस्त्रक्रिया तासा-दीड तासाची असते, पण तिचे फळ या बारा आठवड्यांत ठरते. दूरच्या गावाहून दर आठवड्याला येणे परवडत नसेल तर तसे आधीच स्पष्ट सांगावे, म्हणजे व्यायामाची पद्धत त्याप्रमाणे ठरवता येते.

मनगटाचे हाड मोडले होते, प्लास्टरही निघाले. आता एका सकाळी अंगठा वर उचलेनासा झाला. हे काय झाले?

तळहात टेबलावर सपाट ठेवून फक्त अंगठा वर उचलून पाहावा. उचलत नसेल तर अंगठा ताठ करणारी लांब कंडरा तुटली असावी. ही कंडरा मनगटाच्या मागे हाडाच्या एका उंचवट्याला वळसा घालून जाते आणि मोड लहान असून हाड जागचे सरकले नसले तरीही, काही आठवड्यांनी किंवा महिन्यांनी, तेथे ती झिजून तुटते. दुखणे जवळजवळ नसते, म्हणून रुग्णाला ती लकव्याची सुरुवात वाटते आणि घरात धास्ती पसरते. लकव्याशी याचा संबंध नाही.

झिजलेली टोके सरळ शिवता येत नाहीत. तर्जनीला ताठ करणाऱ्या दोन कंडरा असतात, त्यांपैकी एक अंगठ्याला जोडतात. ही शस्त्रक्रिया भरवशाची आहे. तीन-चार आठवडे पट्टी राहते आणि तर्जनी सरळ करून अंगठा उचलण्याची सवय मेंदूला थोड्याच दिवसांत लागते.

बैलाने कासरा हिसकला आणि अंगठा बाहेरच्या बाजूला ओढला गेला. सूज उतरली, पण चिमटीत जोर राहिला नाही.

अंगठ्याच्या मधल्या सांध्याला तर्जनीच्या बाजूने धरून ठेवणारा अस्थिबंध फाटला असावा. दुचाकीवरून पडल्यावरही हे होते. अर्धवट फाटला असेल तर चार ते सहा आठवड्यांच्या पट्टीने जुळतो. पूर्ण फाटला तर त्याचे टोक कधीकधी शेजारच्या स्नायूच्या पडद्यावर जाऊन अडकते, हे १९६२ साली स्टेनर या स्वीडिश शल्यचिकित्सकाने दाखवून दिले. मध्ये पडदा आल्यावर कितीही महिने प्लास्टर ठेवले तरी तो हाडाला चिकटणे शक्य नसते. अशा वेळी दोन-तीन आठवड्यांच्या आत शस्त्रक्रिया करून तो हाडाला परत बसवावा लागतो. उशीर झाला तर मनगटातील एखादी कंडरा वापरून नवा अस्थिबंध करतात आणि सांधा झिजला असेल तर तो जोडून टाकतात. ‘मुरगळला असेल’ म्हणून चोळून घेणे येथे सर्वांत घातक ठरते.

कापूस वेचण्याच्या हंगामात मनगटापाशी, अंगठ्याच्या बाजूला आग होते. हा संधिवात आहे का?

बहुधा नाही. मनगटाच्या त्या बाजूला दोन कंडरा एका अरुंद बोगद्यातून जातात. अंगठा आणि मनगट एकाच तऱ्हेने हजारो वेळा वळले की बोगद्याचे आवरण जाड होते आणि कंडरा आत घासू लागतात. फ्रित्झ द केर्व्हाँ या स्विस शल्यचिकित्सकाने १८९५ मध्ये याचे वर्णन केले आणि आजही हा विकार त्याच्याच नावाने ओळखला जातो. पऱ्हाटीचे बोंड चिमटीत धरून ओढणाऱ्या बाया, धानाची रोवणी करणाऱ्या बाया आणि बाळाला काखेत धरून वारंवार उचलणाऱ्या बाळंतिणी माझ्याकडे या तक्रारीसाठी सर्वाधिक येतात. बाळंतिणींमध्ये हा त्रास पुष्कळदा काही महिन्यांत आपोआप कमी होतो.

पहिला उपचार अंगठ्यासह मनगटाला आधार देणारी पट्टी आणि बोगद्यात स्टिरॉइडचे एक इंजेक्शन हा आहे. बहुतेकांना तेवढे पुरते. इंजेक्शनच्या जागी कातडी पांढुरकी होऊ शकते किंवा तेथे खळगा पडू शकतो आणि सावळ्या रंगावर तो डाग उठून दिसतो, हे आधी सांगितले पाहिजे. एक-दोन इंजेक्शनांनंतरही त्रास राहिला तर बोगद्याचे छत उघडतात. जागेपुरती भूल, दोन-तीन सेंटिमीटरचा छेद आणि साधारण पंधरा-वीस मिनिटे एवढ्यात ही शस्त्रक्रिया होते, पण तिला क्षुल्लक मानू नये. छेदाखालूनच अंगठ्याच्या मागच्या भागाला जाणीव देणारा मज्जातंतू जातो. त्याला धक्का लागला तर मूळ दुखण्यापेक्षा वाईट अशी झिणझिणणारी वेदना मागे लागते. शिवाय काहींच्या बोगद्यात आतून आणखी एक पडदा असतो. तो उघडायचा राहिला तर त्रास तसाच राहतो. म्हणून ही शस्त्रक्रिया हाताची सवय असलेल्या शल्यचिकित्सकाकडूनच करून घ्यावी.

अंगठा वाकतो, पण सरळ होताना अडकतो आणि ‘टक्’ आवाज होतो. त्यासाठी शस्त्रक्रिया लागते का?

कंडरेला हाडाशी धरून ठेवणारे एक कडे अंगठ्याच्या बुडाशी असते. ते आवळले की कंडरेवर गाठ धरते आणि ती कड्यात अडकते. मधुमेहाच्या रुग्णांत हा त्रास जास्त आढळतो. एका इंजेक्शनने अनेकांचा अंगठा मोकळा होतो, पण मधुमेह असेल तर यश कमी मिळते आणि काही दिवस रक्तातील साखर वाढते. शस्त्रक्रियेत ते कडे कापून मोकळे करतात आणि रुग्ण त्याच दिवशी अंगठा हलवत घरी जातो. हे काम सुईच्या टोकानेही करता येते, परंतु अंगठ्याचा एक मज्जातंतू नेमका त्या कड्यावरून तिरपा जातो, म्हणून अंगठ्यापुरता मला डोळ्यांना दिसणारा छोटा छेदच सुरक्षित वाटतो.

लहान मुलांचा अंगठा वाकलेलाच दिसतो तेव्हा आईवडिलांना वाटते, हाड मोडले. ते मोडलेले नसते आणि ओढून सरळ करण्याचा हट्ट धरू नये. पुष्कळ मुलांचा अंगठा हळूहळू मोकळा होतो. तसा झाला नाही तर पूर्ण भूल देऊन छोटी शस्त्रक्रिया करतात.

अंगठ्याच्या बुडाचा सांधा झिजला आहे असे एक्स-रेत दिसते. शस्त्रक्रिया करावीच लागेल का?

एक्स-रेवर शस्त्रक्रिया करायची नसते, दुखण्यावर करायची असते. चित्रात सांधा पार झिजलेला आणि बाई मात्र निवांत निंदण करते आहे, असेही दिसते. हा सांधा खोगिरासारखा असतो, त्यामुळे अंगठा सगळ्या दिशांना फिरू शकतो. पण त्याची किंमतही मोजावी लागते. चिमटीत एक किलोचा जोर लावला तर बुडाशी सुमारे १२ पट भार येतो. चाळिशी-पन्नाशीनंतर स्त्रियांमध्ये झीज अधिक आढळते. बुडाशी हाड पुढे आल्यासारखे दिसणे, कुलूप उघडताना, पीळ देऊन धुणे पिळताना कळ येणे, ही त्याची ओळख.

आधी पट्टी, विळ्या-खुरप्याची मूठ जाड करून घेणे, अंगठ्याच्या स्नायूंचे व्यायाम, वेदनाशामक आणि गरज पडल्यास सांध्यात इंजेक्शन, असे किमान तीन ते सहा महिने करून पाहावे. मुठीला सायकलच्या ट्यूबची पट्टी गुंडाळण्याचा उपाय खर्चाचा नाही आणि तो खरोखर उपयोगी पडतो. वेदनाशामक गोळ्या मेडिकल दुकानातून आणून महिनोन्महिने खाऊ नयेत, मूत्रपिंड आणि पोट दोन्ही बिघडतात. एवढे करूनही रात्रीची झोप मोडत असेल, वाटी हातातून सुटत असेल, तरच शस्त्रक्रियेचा विचार करावा.

या सांध्यासाठी कोणकोणत्या शस्त्रक्रिया आहेत आणि शेतात राबणाऱ्याने कोणती निवडावी?

सर्वांत जुनी आणि आजही सर्वाधिक विश्वासाची शस्त्रक्रिया म्हणजे सांध्यातील ट्रॅपेझियम हे मनगटाचे छोटे हाड काढून टाकणे. हाडे घासणे थांबले की दुखणे थांबते. इंग्लंडमध्ये १९४९ साली तिचे वर्णन प्रसिद्ध झाले. पुढे त्या पोकळीत मनगटाची एक कंडरा गुंडाळून ठेवण्याची आणि तिच्यापासूनच नवा अस्थिबंध करण्याची पद्धत आली. दोन्हींची तुलना करणाऱ्या अभ्यासांत दुखणे कमी होण्यात ठळक फरक दिसलेला नाही आणि नुसते हाड काढण्यात गुंतागुंती कमी आढळल्या आहेत. म्हणून ‘कंडरेची गादी केली तरच पक्के काम’ या आग्रहाला मी बळी पडत नाही. अंगठा थोडा आखूड होतो, चार ते सहा आठवडे पट्टी राहते, घरकाम तीन महिन्यांत जमू लागते आणि चिमटीचा जोर परतण्यास सहा महिने ते वर्ष लागते.

दुसरा पर्याय सांधा कायमचा जोडण्याचा आहे. तरुण आणि अंगमेहनतीचे काम करणाऱ्या माणसासाठी तो पूर्वापार सुचवला जातो, कारण जोर टिकतो. पण येथे स्वयंपाकघराचा विचार केलाच पाहिजे. जोडलेल्या अंगठ्याने तळहात पूर्ण सपाट होत नाही, म्हणजे ज्वारीची भाकर थापणे अवघड जाते. बांगड्या भरताना अंगठा तळहातात मिटावा लागतो, तेही जमत नाही. अरुंद तोंडाच्या गडव्यात हात शिरत नाही. बाईला हे आधी न सांगता सांधा जोडणे मला अन्यायाचे वाटते. पुरुष शेतमजुराला, ज्याचा शेजारचा सांधा निरोगी आहे, हा पर्याय चांगला ठरू शकतो. मात्र हाड जुळले नाही तर पुन्हा शस्त्रक्रियेची वेळ येते.

झीज सुरुवातीचीच असेल आणि सांधा ढिला असेल, तर नवा अस्थिबंध करणे किंवा अंगठ्याच्या हाडाचा कोन बदलून भार दुसऱ्या जागी नेणे हे दोन मार्ग राहतात. गुडघ्याप्रमाणे कृत्रिम सांधाही मिळतो. त्याने अंगठ्याची लांबी टिकते आणि हालचाल लवकर येते, पण तो सैल होण्याचा धोका असतो, म्हणून फावडे-कुऱ्हाड चालवणाऱ्या हातात तो बसवण्यास मी कचरतो.

शस्त्रक्रिया वर्षाच्या कोणत्या काळात करून घ्यावी?

झिजलेल्या सांध्याची शस्त्रक्रिया उलंगवाडी म्हणजे कापसाची शेवटची वेचणी झाल्यावर, फेब्रुवारी-मार्चमध्ये करावी. म्हणजे पेरणीपर्यंत तीन महिने मिळतात. तरीही त्या खरिपात निंदणाची पूर्ण रोजी मिळेल असे धरू नये. ज्यांच्याकडे धान आहे त्यांनी रोवणीचा हिशेब मनात ठेवावा, कारण चिखलपाण्यात ताजा व्रण भिजता कामा नये. बोगदा किंवा कडे मोकळे करण्याच्या शस्त्रक्रियेसाठी हलक्या कामाला दोन आठवडे आणि जोराच्या कामाला चार ते सहा आठवडे मोकळे ठेवावेत. तुटलेल्या कंडरेला आणि पूर्ण फाटलेल्या अस्थिबंधाला हंगाम नसतो. सोयाबीन उभे असले तरी निघावे.

पूर्ण भूल द्यावी लागते का?

मोठ्यांना सहसा नाही. काखेजवळ किंवा मनगटाजवळ इंजेक्शन देऊन हात बधिर करतात. आता अनेक ठिकाणी लिग्नोकेन हे बधिर करणारे औषध आणि रक्तस्राव कमी करणारे ॲड्रेनलिन एकत्र देऊन, दंडाला आवळपट्टा न बांधता, रुग्ण जागा असताना शस्त्रक्रिया करतात. त्यात कंडरा जोडल्यावर टेबलावरच अंगठा हलवायला सांगून जोड तपासता येतो, हा मोठा फायदा आहे.

खर्रा (तंबाखू-सुपारीचे मिश्रण) सोडावाच लागेल का?

होय. तंबाखूतील निकोटिनने बारीक रक्तवाहिन्या आकसतात, जखम रेंगाळते आणि जोडलेले हाड जुळत नाही. शस्त्रक्रियेच्या किमान चार आठवडे आधीपासून आणि हाड जुळेपर्यंत खर्रा, विडी, गुडाखू (दातांना लावायची तंबाखूची पेस्ट) सर्व बंद असावे. सांधा जोडायचा असेल तर या बाबतीत मी तडजोड करत नाही.

उपचार कोठे मिळतील आणि खर्चाचे काय?

नागपूरची मेडिकल, मेयो आणि एम्स ही रुग्णालये, सेवाग्रामचे कस्तुरबा रुग्णालय, सावंगी मेघेचे रुग्णालय, तसेच यवतमाळ, अकोला, चंद्रपूर आणि गोंदियाची शासकीय वैद्यकीय महाविद्यालये विदर्भातील रुग्णांना जवळ पडतात. तेथे अस्थिरोग किंवा प्लास्टिक सर्जरी विभागात हाताच्या शस्त्रक्रिया कोण करते, हे विचारून घ्यावे. महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेत कुटुंबाला वर्षाला ५ लाख रुपयांपर्यंतचे संरक्षण आहे. आपली शस्त्रक्रिया योजनेत बसते का, हे भरती होण्याआधी रुग्णालयातील आरोग्यमित्राकडून खात्री करून घ्यावे. शिधापत्रिका, आधार कार्ड आणि आधीच्या दवाखान्याची चिठ्ठी सोबत असावी. जखम कधी, कशाने झाली आणि आधी काय शिवले, हे त्या चिठ्ठीवरून कळते.

शस्त्रक्रियेनंतर कोणत्या लक्षणांसाठी लगेच परत यावे?

वाढत जाणारी ठणक, पू, ताप, पट्टीत बोटे निळी किंवा बधिर होणे आणि कंडरा जोडली असेल तर ‘टक्’ होऊन अंगठा अचानक वाकेनासा होणे. जोड सुटला तर पहिल्या काही दिवसांत तो पुन्हा शिवता येतो, म्हणून संकोचाने लपवू नये. आणखी एक त्रास हळूहळू येतो. संपूर्ण हात सुजणे, चकाकणे, घामेजणे, साध्या स्पर्शानेही आग होणे. हा व्यायाम टाळल्याचा दोष नव्हे, तो एक वेगळा आजार आहे. त्याचे उपचार लवकर सुरू झाले तर हात वाचतो.

दोन्ही हातांचे अंगठे झिजले आहेत. एकाच वेळी दोन्ही शस्त्रक्रिया करून घेतल्या तर दुसरी खेप वाचेल का?

खेप वाचेल, पण सहा आठवडे जेवण, आंघोळ आणि शौच या प्रत्येक गोष्टीसाठी दुसऱ्याच्या हाताची गरज पडेल. जो हात अधिक दुखतो तो आधी करावा आणि दुसऱ्याचा विचार पहिला कामाला लागल्यावर, साधारण सहा महिन्यांनी करावा. पहिल्या हाताला आराम पडल्यावर दुसऱ्यावरचा भार कमी होतो आणि काहींना त्या दुसऱ्या शस्त्रक्रियेची गरजच उरत नाही.